आधी कागद, मग सुई

अडेनोसिन, म्हणजे एकदम वेगाने धडधडू लागलेल्या हृदयाला लयीवर आणायचं इंजेक्शन, फ्रीजमध्ये ठेवायचं नसतं. इंदूरचा मे महिना तापायला लागला की औषधांचं कपाट लावणाऱ्याला त्याची दया येते आणि तो ही बाटली इन्सुलिनशेजारी सरकवतो. थंडीने आत बारीक स्फटिक धरतात. तसं झालंच, तर खोलीच्या तापमानाला आणल्यावर ते विरघळतात. पण सिरिंजमध्ये ओढताना द्रव पाण्यासारखा स्वच्छ दिसला पाहिजे. ड्यूटी बदलली की आम्ही ट्रॉलीच्या वरच्या खणातल्या बाटल्या मोजतो. एका बाटलीत २ मिली, मिलीला ३ मिग्रॅ, म्हणजे ६ मिग्रॅ. एका माणसाला ६, मग १२, मग पुन्हा १२ लागू शकतात. बेरीज ३०, बाटल्या पाच. खणात दोनच निघाल्या तर दुसऱ्या डोसलाच अडतं, आणि तेव्हा रात्रीचे अडीच वाजलेले असतात.

हे औषध ज्यांच्यासाठी ठेवलेलं असतं, ती माणसं बहुतेक वेळा पोट धरून येतात. हिवाळ्यात सराफ्यात गराडू खाल्ले, त्याचा गॅस वर चढलाय, असं घरच्यांचं निदान झालेलं असतं. वाटेत कुणीतरी ॲसिडिटीची गोळीही दिलेली असते. रामबागेतल्या किंवा लोकमान्य नगरातल्या काकू असल्या तर ‘घबराट होतेय’ हा इकडचा हिंदी-मराठी शब्द हमखास येतो. त्यावर ‘टेन्शन घेऊ नका’ म्हणणारे खूप भेटतात. आम्ही दोनच गोष्टी विचारतो. धडधड बटण दाबल्यासारखी एकदम सुरू झाली, की हळूहळू वाढत गेली? आणि गळ्याशी काही फडफडतंय का? एकदम सुरू होऊन एकदम थांबणारी, गळ्याच्या शिरा उडवणारी, नंतर चार-चार वेळा लघवीला पळवणारी धडधड ही मनाची नसते. हृदयात विजेची वाट गोल फिरून स्वतःलाच येऊन मिळालेली असते. ताप, जुलाब, रक्तस्राव, पाणी कमी पडणं यांनी वाढलेले ठोके चढतात सावकाश आणि उतरतातही सावकाश. तिथे सलाईन लागतं, अडेनोसिन नाही. अंदाजाला एक ढोबळ हिशेब आहे: २२० वजा वय. साठीच्या माणसाचे ठोके स्वस्थ पडून १९० असतील तर ते तापाचे असण्याची शक्यता फार कमी.

आधी रक्तदाब. वरचा आकडा ९० च्या खाली, बोलणं असंबद्ध, छातीत जोराचं दुखणं, फुप्फुसात पाणी भरल्याने बसून धाप लागणं, यांतलं काही असेल आणि ते या ठोक्यांमुळेच आहे असं दिसत असेल, तर पुढची सगळी नजाकत बाजूला ठेवायची. ईसीजीवर क्यूआरएस (खालच्या कप्प्यांच्या ठोक्याची टोकदार लाट) अरुंद आणि लय नियमित असेल तर सिंक्रोनाइज्ड, म्हणजे ठोक्याशी वेळ जुळवून दिलेला, शॉक ५० ते १०० ज्यूल, शुद्धीवर असेल तर आधी थोडी गुंगी देऊन. इथे नेहमीची चूक एकच: ‘सिंक’चं बटण बहुतेक मशीनवर प्रत्येक शॉकनंतर आपोआप सुटतं. दुसरा शॉक देण्यापूर्वी ते पुन्हा दाबायचं आणि प्रत्येक क्यूआरएसवर खूण पडतेय का, ते डोळ्यांनी बघायचं. तसं न केल्यास शॉक नको त्या क्षणी पडून व्हेंट्रिक्युलर फिब्रिलेशन (खालचे कप्पे नुसते थरथरतात, रक्त पुढे जात नाही) होऊ शकतं.

रक्तदाब टिकून असेल तर घाई नाही. नवीन मुलांना हेच पटत नाही. मॉनिटरवर १९० चा आकडा लुकलुकत असतो, अलार्म वाजत असतो, नातेवाईक पडद्याआडून डोकावत असतात आणि हात आपोआप औषधाकडे जातो. अशा वेळी बारा लीडचा (हृदयाकडे बारा बाजूंनी बघणारा) पूर्ण ईसीजी काढायची पाच मिनिटं काढावीच लागतात. मॉनिटरवरची रेघ म्हणजे ईसीजी नव्हे. कागद हातात आला की तीन गोष्टी बघायच्या: क्यूआरएस अरुंद आहे का (तीन छोट्या चौकोनांहून कमी, म्हणजे ०.१२ सेकंदांच्या आत), ठोके नियमित आहेत का, आणि पी लाट (वरच्या कप्प्यांची खूण) कुठे दडली आहे. नियमितपणा डोळ्याने ठरवू नये. १९० च्या वेगाला अनियमित लयही नियमित भासते. कोऱ्या कागदाची कड ईसीजीच्या पट्टीला लावून चार ठोक्यांवर पेनाने खुणा करायच्या आणि कड पुढे सरकवायची. खुणा जुळल्या तर नियमित. ३०० भागिले दोन ठोक्यांमधले मोठे चौकोन, म्हणजे वेग. दीड चौकोन २००, दोन चौकोन १५०. वेग बरोबर दीडशेच्या आसपास घट्ट बसलेला असेल, मिनिटामिनिटाला हलत नसेल, तर एट्रियल फ्लटरचा संशय घ्यायचा: वरचे कप्पे तीनशेने फडफडताहेत आणि एक सोडून एक ठोका खाली उतरतोय.

सुईच्या आधी फुंकर. २०१५ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये इंग्लंडमधला एक अभ्यास आला. नेहमीच्या पद्धतीने जोर लावून फुंकल्यावर १७ टक्के लोकांची लय सुधारली. तोच जोर लावून लगेच आडवं करून पाय वर उचलल्यावर ४३ टक्के. औषध नाही, खर्च नाही, तरीही हे नीट करणारे कमी दिसतात. अर्धवट बसवलेल्या रुग्णाला १० मिलीची सिरिंज तोंडात देऊन दट्ट्या जेमतेम हलेल इतक्या जोराने पंधरा सेकंद फुंकायला लावायचं. दट्ट्या आधी एकदा मागेपुढे करून मोकळा करून घ्यायचा, नाहीतर नव्या सिरिंजचा तो घट्ट बसलेला असतो आणि माणूस नुसता लालबुंद होतो. पंधरा सेकंद झाले की त्याच क्षणी पाठ सपाट आणि पाय ४५ अंशांत वर, आणखी पंधरा सेकंद. मग पुन्हा अर्धवट बसतं करून पाऊण मिनिट थांबायचं.

फसतं ते मधल्या जागी. हाताच्या दांड्याने फिरवायचा पलंग असेल तर डोकं खाली यायला वीस सेकंद जातात आणि जोर सोडल्याबरोबर हृदयाकडे परतणाऱ्या रक्ताचा फायदा निघून जातो. म्हणून पलंग आधीच सपाट ठेवायचा, पाठीमागे उशा रचून रुग्णाला टेकवायचं आणि वेळ झाली की एकाने उशा ओढायच्या, दुसऱ्याने पाय उचलायचे. पाय उचलायला सोबत आलेला मुलगा चालतो, फक्त त्याला आधी सांगून ठेवायचं. मानेतली धमनी चोळण्याचा प्रकार आम्ही म्हाताऱ्या माणसांत टाळतो. आधी पक्षाघात झालेला असेल किंवा स्टेथोस्कोपने मानेत खरखर ऐकू आली, तर अजिबात नाही. दोन्ही बाजूंना एकदम तर कधीच नाही. डोळे दाबण्याची जुनी युक्ती विसरलेलीच बरी.

फुंकर चालली तरीही पट्टी सुरूच असली पाहिजे. लय कशी थांबली, त्या दोन सेकंदांत निदान असतं. फुंकर असो की अडेनोसिन, दोन्ही एव्ही नोडला क्षणभर अडवतात. नोड हा वरच्या आणि खालच्या कप्प्यांमधला नाका. तो बंद केल्यावर वाहतुकीचं काय होतं, त्यावरून गाड्या कुठून येत होत्या ते कळतं. औषध दिलं, लय सुधारली, सगळे हुश्श म्हणाले आणि कागद काढलेलाच नाही, तर रुग्ण बरा होऊन घरी जातो, पण त्याला नेमकं काय झालं होतं ते कुणालाच सांगता येत नाही. देवास, महूकडच्या छोट्या दवाखान्यांनाही आमचं एवढंच सांगणं असतं: पाठवण्याआधी एक ईसीजी काढा. गाडी निघाली, खड्ड्यात आदळली, रुग्णाने खाकरून जोर लावला आणि लय वाटेतच थांबली, असं होतं. मग इथे येतो तो शांत चेहऱ्याचा माणूस आणि सरळ ईसीजी.

हे औषध शरीरात नवं नाही, आपल्या पेशी ते बनवतच असतात. हृदयावरचा त्याचा परिणाम ड्र्युरी आणि सेंट-ज्यॉर्जी यांनी १९२९ मध्ये मांडला. यातल्या सेंट-ज्यॉर्जींना पुढे १९३७ मध्ये नोबेल मिळालं. अमेरिकेत या धडधडीसाठी त्याला परवानगी मिळायला मात्र १९८९ उजाडलं. नोडवरच्या ए-१ रिसेप्टरला ते चिकटतं, पेशीतून पोटॅशियम बाहेर पडायचे दरवाजे उघडतात आणि नोड काही सेकंद गप्प बसतो. लाल रक्तपेशी आणि रक्तवाहिन्यांचं अस्तर त्याला इतक्या झपाट्याने शोषून घेतात, की त्याचं अर्धआयुष्य दहा सेकंदांहून कमी. पुढची सगळी तयारी या दहा सेकंदांभोवती फिरते.

शीर कोपराच्या घडीतली, शक्यतो उजवी. हिरवी १८ किंवा गुलाबी २० नंबरची कॅन्युला. तळहातामागे आधीच निळी बावीस लावलेली असते आणि ‘लाईन आहे की’ म्हणून तीच वापरायचा मोह होतो. ‘अडेनोसिन चाललं नाही’ या तक्रारीमागे ती निळी कॅन्युला आम्हाला सगळ्यात जास्त वेळा सापडते. औषध मनगटापासून दंडापर्यंत रेंगाळतं आणि हृदयात पोचेपर्यंत रक्तानेच ते खाऊन टाकलेलं असतं. पायाच्या शिरेचं नावही काढू नये. रक्तदाबाचा पट्टा दुसऱ्या हाताला. स्वयंचलित पट्टा त्याच हाताला राहिला आणि नेमका पुश करताना फुगला, तर औषध दंडाखाली अडकून संपतं. हे इतकं साधं आहे, की कुणी तपासत नाही.

सुईआधीचे प्रश्न रुग्णापेक्षा त्याच्या औषधांच्या पिशवीला विचारलेले बरे. दमा आहे का? आता छातीत सूंसूं आवाज येतोय का? येत असेल तर अडेनोसिन नको, श्वासनळ्या आवळल्या जातात. डेरिफायलिन (दम्याचं औषध) चालू आहे का? त्यातलं थिओफिलिन त्याच रिसेप्टरवर आधीच बसलेलं असतं, तेव्हा औषध फिकं पडतं. चहा-कॉफीतलं कॅफिनही तेच करतं. ‘चहा किती?’ विचारलं तर ‘जास्त नाही, दोन वेळा’ असं उत्तर येतं. शेवटचा कप कधी, हे विचारलं की खरं कळतं. सकाळी पोह्यांबरोबर दोन कप झालेले असतील आणि ६ मिग्रॅने काही झालं नाही, तर नवल वाटायला नको. उलट डायपिरिडॅमोल (रक्ताच्या गुठळ्या रोखणारं) किंवा कार्बामाझेपिन (फिटचं औषध) घेणाऱ्यांत परिणाम दांडगा होतो. त्यांना, तसंच हृदय-प्रत्यारोपण झालेल्यांना आणि ज्यांना औषध मानेतल्या सेंट्रल लाईनमधून द्यायचं आहे त्यांना, ३ मिग्रॅने सुरुवात. पेसमेकर नसताना दुसऱ्या-तिसऱ्या दर्जाचा ब्लॉक (वरून खाली येणारी वीज अडणं) किंवा सिक सायनस (ठोके सुरू करणारी जागाच दुबळी) असेल तर द्यायचंच नाही. गरोदर बाईला मात्र देता येतं. अडेनोसिन इतक्या लवकर नाहीसं होतं, की बाळापर्यंत फारसं पोचत नाही.

सिरिंज जोडण्याच्या दोन पद्धती आहेत. जुनी म्हणजे थ्री-वेच्या (कॅन्युलाला लावायच्या तीन तोंडांच्या तोटीच्या) एका तोंडाला औषध, दुसऱ्याला २० मिली सलाईन. औषध एक-दोन सेकंदांत ढकलायचं आणि मागोमाग सलाईन झपकन. यात चुकायला जागा भरपूर. सलाईनच्या बाटलीचं चाक बंद केलेलं नसेल तर औषध शिरेकडे न जाता नळीतून वर चढतं. फ्लश मारताना औषधाच्या दट्ट्यावरचा अंगठा सुटला, की सलाईन त्या रिकाम्या सिरिंजमध्ये शिरतं. थ्री-वेची कळ कुठली बाजू बंद दाखवतेय हे गडबडीत उलटं कळतं, म्हणून आधी नुसत्या सलाईनने एकदा रंगीत तालीम करायची. आणि साधी, पीळ नसलेली सिरिंज जोराने निसटते, औषध भिंतीवर.

दुसरी पद्धत आम्हाला जास्त पटते: ६ मिग्रॅ म्हणजे २ मिली औषध आणि १८ मिली सलाईन एकाच २० मिलीच्या सिरिंजमध्ये, आणि सगळं एका दमात. पातळ केल्याने औषध मंदावेल असं वाटतं, पण या पद्धतीचे निकाल दोन सिरिंजच्या पद्धतीइतकेच चांगले आल्याचे अभ्यास आहेत, आणि चुकायला एकच माणूस लागतो. दोन्हींत पुश झाल्याबरोबर हात वर उचलून धरायचा.

कागदाची तयारी ही सिरिंजइतकीच. ईसीजी मशीन ‘ऑटो’वर असेल तर ते दहा सेकंदांची नोंद करून थांबतं, आणि आपल्याला हवा असलेला भाग अकराव्या सेकंदाला सुरू होतो. मशीन मॅन्युअलवर घ्यायचं, वेग २५ मिमी, लीड दोन आणि व्ही-१ दिसतील असं. रोल संपत आलाय का, तो लाल पट्टा आधी बघायचा. डिफिब्रिलेटरचे (शॉकच्या मशीनचे) पॅड छातीवर लावलेले, कारण हे औषध कधीकधी स्वतःच एट्रियल फिब्रिलेशन (वरच्या कप्प्यांची बेताल थरथर) सुरू करून देतं, आणि ज्याच्या हृदयात नोडला टाळून खाली जाणारी लपलेली जास्तीची वाट आहे त्याच्यात ते धोक्याचं ठरतं. एक सिस्टर कागदावर पेन घेऊन उभी. पुश झाला की ‘आता’ म्हणायचं आणि तिने तिथे रेघ मारायची. चार लोकांत कोण काय करणार, हे मोठ्याने बोलून ठरवलं की गडबड निम्मी होते.

मग रुग्णाशी बोलणं. हे टाळून पुश करणं आमच्या मते क्रूरपणा आहे. “काकू, आता औषध देतोय. दहा-पंधरा सेकंद फार विचित्र वाटेल. चेहरा तापेल, छातीवर कुणी बसल्यासारखं होईल, श्वास पुरत नाही असं वाटेल, जीव जातोय की काय असंही वाटेल. तो जाणार नाही. आम्ही इथेच आहोत, तुम्ही माझ्याकडे बघा.” शेवटचं वाक्य गाळू नये. हे आधी ऐकलेला माणूस नंतर हसतो. न ऐकलेला पुढल्या वेळी धडधड झाली तरी दवाखान्यात यायला घाबरतो. नातेवाइकांनाही सांगायचं, कारण मॉनिटरवर रेघ सपाट होणार असते. तीन, चार, कधी सहा सेकंद. त्या वेळेत बाहेरून कुणी किंचाळलं तर पट्टी वाचायला कुणाचं चित्त ठिकाणावर राहत नाही.

पट्टी सुरू. पुश. हात वर. पंधरा-वीस सेकंद कुणी बोलत नाही.

आता कागद. लय एकदम तुटली आणि तुटण्यापूर्वीची शेवटची खूण पी लाटेची असेल, तिच्यामागे क्यूआरएस नसेल, तर ती गोल फिरणारी वाट एव्ही नोडमधून जात होती. एव्हीएनआरटी (गोल वाट नोडपाशीच) किंवा एव्हीआरटी (नोड आणि जास्तीची वाट मिळून गोल). कारण सरळ आहे: ठिणगी वर गेली, वरचे कप्पे आकुंचन पावले, खाली यायला नोडशी आली आणि दार बंद. वरच्या कप्प्यातच उगम असलेली एट्रियल टॅकिकार्डिया अशी थांबायची, तर ती स्वतः संपणं आणि नोड अडणं हे दोन्ही एकाच ठोक्याला घडावं लागेल. इतका योगायोग क्वचित.

क्यूआरएस गळाले, पण मधल्या रिकाम्या जागेत करवतीच्या दातांसारख्या लाटा तीनशेच्या वेगाने चालूच राहिल्या, तर तो फ्लटर. औषधाने तो बरा होत नाही. झाकण उचलून आत काय शिजतंय ते दाखवतं आणि पुन्हा झाकतं. काही सेकंदांनी तेच दीडशे परत. इथे दुसरा डोस देण्यात अर्थ नाही. ‘औषध फेल’ असा शेरा लिहिलेला आम्ही पाहतो, तेव्हा पट्टी मागतो. बऱ्याचदा उत्तर त्या पट्टीतच असतं. लाटा दातांऐवजी वेगळ्या, छोट्या, मध्ये सपाट रेघ असलेल्या दिसल्या तर एट्रियल टॅकिकार्डिया. ठोके हळूहळू मंदावले, सरळ पी लाटा दिसल्या आणि तितक्याच हळूहळू पुन्हा चढले, तर ती साधी सायनस, म्हणजे हृदयाची नेहमीचीच, लय होती. आता ताप, हिमोग्लोबिन, थायरॉइड शोधायला लागा.

काहीच झालं नाही, तर आधी विचारायचं: चेहरा तापला का? छाती दाबल्यासारखी झाली का? काहीच जाणवलं नाही म्हणणाऱ्याच्या हृदयापर्यंत औषध बहुधा पोचलंच नाही. शीर, पट्टा, चाक तपासून एक-दोन मिनिटांनी १२ मिग्रॅ: ४ मिली औषध, १६ मिली सलाईन. तरी नाही तर आणखी एकदा १२. चेहरा चांगला तापूनही लय तिळभर हलली नाही, तर कागद पुन्हा बघायचा. कदाचित ती खालच्या कप्प्यातून येतेय. तरुण, सुदृढ मुलगा, क्यूआरएस फार रुंद नाही पण उजव्या बंडल ब्लॉकसारखा (उजवीकडची विजेची तार अडल्यासारखा), अक्ष डावीकडे झुकलेला: ही फॅसिक्युलर व्हीटी (व्हीटी म्हणजे व्हेंट्रिक्युलर टॅकिकार्डिया, खालच्या कप्प्यातून येणारी धडधड) असू शकते. अडेनोसिनला ती बधत नाही, व्हेरापॅमिलला बधते. पण अशा ठिकाणी व्हेरापॅमिल देण्याचा निर्णय कार्डिओलॉजिस्टने पट्टी बघून घ्यायचा असतो, कारण इतर व्हीटीत तेच औषध रक्तदाब जमिनीवर आणतं.

आणखी एक प्रकार फसवा आहे. लय तुटते, चार ठोके सरळ पडतात, मग एक आगाऊ ठोका आणि पुन्हा १९०. याला लोक ‘डोस कमी पडला’ म्हणतात आणि वाढवत जातात. डोस पुरेसाच होता. औषध टिकलं नाही इतकंच. तिथे जास्त वेळ टिकणारं काहीतरी हवं: डिल्टियाझेम किलोमागे ०.२५ मिग्रॅ दोन मिनिटांत, किंवा व्हेरापॅमिल ५ मिग्रॅ दोन मिनिटांत, वय जास्त असेल तर तीन. दमेकऱ्यांसाठीही हाच रस्ता. अट एवढीच, की क्यूआरएस अरुंद, रक्तदाब बरा, आणि शिरेतून बीटा-ब्लॉकर (ठोके मंदावणारं औषध) नुकताच दिलेला नाही. दोन्ही एकावर एक पडले तर ठोके चाळिशीच्या खाली जाऊन बसतात.

लय रुंद आणि अनियमित असेल, वेग अडीचशेच्या आसपास आणि प्रत्येक ठोक्याचा आकार थोडा वेगळा, तर हात मागे. अडेनोसिन नाही, व्हेरापॅमिल नाही, डिगॉक्सिन नाही. हे वुल्फ, पार्किन्सन आणि व्हाइट यांनी १९३० मध्ये वर्णन केलेल्या जास्तीच्या वाटेवरून उतरणारं एट्रियल फिब्रिलेशन असू शकतं. नोड अडवला की सगळी गर्दी त्या बेलगाम वाटेकडे वळते आणि व्हेंट्रिक्युलर फिब्रिलेशन होऊ शकतं. तिथे शॉकची तयारी. रुंद पण नियमित लय ही व्हीटी नाही असं सिद्ध होईपर्यंत व्हीटीच धरायची.

लहान मुलांत हिशेब किलोवर: पहिल्यांदा ०.१ मिग्रॅ, मग ०.२, कमाल अनुक्रमे ६ आणि १२. दहा किलोच्या बाळाला १ मिग्रॅ म्हणजे मूळ द्रवाचे ०.३३ मिली होतात, ते हाताने अचूक ओढता येत नाहीत. २ मिली औषधात ४ मिली सलाईन घालून मिलीला १ मिग्रॅ करून घ्यायचं. त्याआधी बर्फ-पाण्याची पिशवी कपाळ आणि गालांवर, नाक-तोंड मोकळं ठेवून, पंधरा ते तीस सेकंद. तान्ह्या बाळात ही युक्ती चांगली चालते. वर्षाच्या आतल्या बाळाला व्हेरापॅमिल नाही.

लय सरळ झाली की पुन्हा बारा लीडचा ईसीजी. इकडे दुर्लक्ष होतं, कारण तोवर सगळे चहाला निघालेले असतात. पीआर (पी लाटेच्या सुरुवातीपासून क्यूआरएसपर्यंतचं अंतर) तीन छोट्या चौकोनांहून कमी आणि क्यूआरएसच्या सुरुवातीला तिरका उतार, म्हणजे डेल्टा लाट, दिसली तर जास्तीची वाट उघड झाली, आणि त्या माणसाला पुढे कुठली औषधं द्यायची नाहीत हेही ठरलं. दोनशेने तासभर धावलेल्या हृदयाचा ट्रोपोनिन (हृदयाला इजा झाली की रक्तात वाढणारा घटक) किंचित वाढलेला येऊ शकतो. त्यावरून लगेच हार्ट अटॅकचा शिक्का मारू नये, वय आणि लक्षणं बघावीत. पोटॅशियम, थायरॉइड, हिमोग्लोबिन बघून आणि काही तास मॉनिटरवर ठेवून घरी सोडता येतं.

पुढे धडधड वारंवार येत असेल तर इलेक्ट्रोफिजिओलॉजिस्टकडे, म्हणजे हृदयातल्या विजेच्या वाटांच्या डॉक्टरकडे. तिथे मांडीच्या शिरेतून तारा आत नेऊन तीच लय मुद्दाम उठवतात. उठत नसेल तर आयसोप्रिनालिन (ठोके वाढवणारं औषध) देऊन उठवतात, आणि कुठली वाट अजून शिल्लक आहे हे बघायला अडेनोसिन तिथेही लागतं. एव्हीएनआरटीत नोडपाशी असलेल्या दोन वाटांपैकी मंद वाट जाळली की पंचाण्णव टक्क्यांहून जास्त जण मोकळे होतात. नोडलाच इजा होऊन पेसमेकर लागण्याचा धोका शंभरात एकाहून कमी. तिथले डॉक्टर सगळ्यात आधी मागतात ती धडधड चालू असतानाची आणि थांबतानाची पट्टी.

म्हणून घरी जाताना पट्टीवर तारीख, वेळ, डोस आणि पुशची रेघ आहे ना ते बघायचं, मोबाइलवर फोटो काढायचा आणि झेरॉक्स काढून फाइलला लावायची. हा थर्मल कागद असतो, उन्हात आणि प्लॅस्टिकच्या पाकिटात वर्षभरात पुसट होतो. जपून ठेवायच्या हौसेने घरचे लोक तो लॅमिनेट करून आणतात. गरम रोलरमधून गेला की अख्खा कागद काळा पडतो.